थेआ फॉन हार्बू : पटकथांमागची बाई

थेआ फॉन हार्बू यांची ओळख बहुतेक ठिकाणी ‘जर्मन चित्रपट-दिग्दर्शक फ्रिट्झ लांगची बायको’ एवढ्यावर आटोपते. हे अन्यायाचे आहेच, पण चुकीचेही आहे. १९२० नंतर जर्मनी सोडेपर्यंत लांगने केलेल्या चित्रपटांच्या पटकथा हार्बू यांच्या किंवा दोघांनी मिळून लिहिलेल्या आहेत. शिवाय मुर्नाऊ आणि ड्रायर या दिग्दर्शकांसाठीही त्यांनी लिहिले.

त्यांचा जन्म १८८८ चा, बव्हेरियातल्या हॉफजवळचा. आधी त्या रंगभूमीवर नटी होत्या, मग कादंबरीकार झाल्या. एक भारतीय संस्थानिक बांधवून घेऊ पाहतो त्या समाधीभोवती फिरणारी ‘दास इंडिशे ग्राबमाल’ ही कादंबरी त्यांनी भारत न पाहताच लिहिली. तिची पटकथा हार्बू आणि लांग या दोघांनी केली आणि दिग्दर्शन आपल्याकडे येईल असे लांगला वाटत होते. पण निर्माता यो माय याने १९२१ मध्ये ते स्वतःच केले, बर्लिनजवळ भारताचे सेट उभारून. १९२२ मध्ये हार्बू आणि लांग यांचे लग्न झाले.

पटकथा किती भार पेलत होती हे लांगच्या ‘मेट्रोपोलिस’ या मूकपटाच्या मोडतोडीत दिसते. जानेवारी १९२७ च्या पहिल्या खेळाला रीळ ४,१८९ मीटर होते. सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने सुमारे १५३ मिनिटे. अमेरिकेत आणि पाठोपाठ जर्मनीतही त्यातले जवळजवळ एक किलोमीटर कापले गेले. कापताना हेल या मृत स्त्रीचे उपकथानक गेले. तिच्यावरून शास्त्रज्ञ रोटवांग आणि शहराचा मालक फ्रेडरसन यांच्यात वैर असते. ते काढल्यावर रोटवांग यंत्रमानव का बनवतो याचे कारणच उरत नाही, आणि नंतर समीक्षक कथेलाच भाबडी म्हणत राहिले. २००८ मध्ये ब्युनॉस आयर्सच्या संग्रहालयात जवळजवळ पूर्ण प्रत सापडली. पण ती १६ मिमीच्या अरुंद फिल्मवर उतरवलेली होती, मूळ फिल्मवरचे ओरखडे तिच्यात छापले गेले होते आणि चौकटीची कडही कापली गेली होती. तुकड्यांचा क्रम लावायला चित्रपटाचा संगीतकार हुपर्ट्झ याची स्वरलिपी कामी आली. तिच्यात पडद्यावरच्या प्रसंगांच्या हजारावर खुणा होत्या.

बोलपटातही त्या अडखळल्या नाहीत. लांगच्या ‘एम’ (१९३१) मध्ये एकाच खुन्याला शोधणाऱ्या पोलिसांची आणि गुन्हेगारांची बैठक एकमेकींत गुंफली आहे: इकडच्याचा हातवारा तिकडचा पूर्ण करतो. खुनी ओळखला जातो तो त्याच्या शिटीवरून, आणि ओळखणारा फुगेवाला आंधळा.

दिग्दर्शन मात्र दोनच चित्रपटांचे, दोन्ही १९३४ चे: ‘एलिझाबेथ उंड डेर नार’ आणि नाटककार हाउप्टमानच्या नाटकावरचा ‘हानेलेस हिमेलफार्ट’. त्या कामात मन रमले नाही, म्हणून त्या पुन्हा लेखनाकडे वळल्या.

१९३३ मध्ये घटस्फोट झाला. लांगने देश सोडला. हार्बू राहिल्या, नाझी पक्षाच्या सदस्य झाल्या आणि त्या राजवटीच्या चित्रपटसृष्टीत भरपूर काम केले. यावर पांघरूण घालण्यात अर्थ नाही. विसंगती अशी, की याच काळात बेळगावकडचे पत्रकार अयी तेंडुलकर यांच्याशी त्यांनी गुपचूप लग्न केले होते. नाझींच्या वंशवादी राजवटीत ते उघडपणे करण्याची सोय नव्हती. पुढे तेंडुलकर भारतात परतले.

युद्धानंतर ब्रिटिशांनी त्यांना काही महिने स्थानबद्ध ठेवले. सुटल्यावर बर्लिनमध्ये ढिगारे उपसण्याचे काम, मग परदेशी चित्रपटांच्या डबिंगसाठी संवादलेखन. १ जुलै १९५४ रोजी त्यांचे निधन झाले. पाच वर्षांनी लांग जर्मनीत परतून ‘दास इंडिशे ग्राबमाल’ स्वतः दिग्दर्शित करू शकला, आणि या वेळी काही चित्रीकरण खरोखरच उदयपूरला झाले.