तालुका वार्ताहर कोणत्या खान्यात बसवायचा?

देशोदेशीची माध्यमे ताडून पाहणाऱ्या अभ्यासकांची आवडती फूटपट्टी डॅनियल हॅलिन आणि पाओलो मान्चिनी यांची. २००४ साली त्यांनी १८ देश तपासले. वृत्तपत्रांचा बाजार केवढा, राजकीय पक्षांशी नाते किती घट्ट, पत्रकार आपल्या कामात किती मुखत्यार आणि सरकारचा हात कुठवर, एवढे पाहून त्यांनी तीन प्रकार पाडले. सगळे देश पश्चिम युरोप आणि उत्तर अमेरिकेतले. आशियातला एकही नाही.

ही फूटपट्टी घेऊन बीड-लातूरकडच्या एखाद्या तालुक्याला यावे. इथला वार्ताहर बहुधा पगारी नसतो. तो बातम्या पाठवतो, जाहिराती गोळा करतो आणि जाहिरातींवरच्या कमिशनवर त्याचे भागते. अनेकदा पेपरची एजन्सीही त्याच्याचकडे असते. आमदारसाहेबांच्या वाढदिवसाची पुरवणी निघायची म्हटले की बाजार समितीचे सभापती, कारखान्याचे संचालक, गुत्तेदार अशा सगळ्यांकडे शुभेच्छांची जाहिरात मागायला तोच फिरतो. पुढे त्याच गुत्तेदाराच्या रस्त्याची खडी उखडली, तर बातमी द्यायची कुणी? त्यानेच. बातमी आणि जाहिरात यांच्यामध्ये भिंत हवी, असे पाश्चात्त्य पत्रकारिता मानते (पाळते किती, हा भाग वेगळा). इथे भिंतीच्या दोन्ही बाजूंना एकच माणूस उभा आहे. २००९च्या निवडणुकांनंतर ‘पेड न्यूज’चा, म्हणजे पैसे घेऊन छापलेल्या बातम्यांचा, गदारोळ झाला, प्रेस कौन्सिलनेही त्यात लक्ष घातले, पण वार्ताहराच्या पगाराचा प्रश्न जिथल्या तिथेच राहिला.

म्हणून इथली पत्रकारिता मिंधीच, असे मात्र नाही. ‘मराठवाडा’ दैनिकाचे संपादक अनंत भालेराव हैदराबाद मुक्तिसंग्रामात तुरुंगात गेलेले. त्यांच्या लेखी तटस्थपणा हा काही पत्रकाराचा पहिला गुण नव्हता. आशियातली कितीतरी वृत्तपत्रे अशी चळवळीच्या पोटी जन्मली, बाजार मागाहून आला.

पण ‘आशियाई नमुना’ म्हणून एकच काही दाखवता येत नाही. जपानमध्ये सरकारी खात्यांच्या बातम्या ‘किशा क्लब’ नावाच्या पत्रकार-मंडळांतून वाटल्या जातात, आणि बाहेरच्याला तिथे शिरणे अवघड. सिंगापूरच्या १९७४च्या कायद्याने वृत्तपत्र कंपन्यांत जादा मताधिकाराचे खास शेअर आणले, आणि ते कुणी धरायचे हे सरकारच्या मंजुरीवर ठेवले. आपल्याकडे १९६१ साली ‘सकाळ’च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पेपरची पानांनुसार किंमत ठरवून देणारा कायदा अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या आड येतो म्हणून रद्द केला. त्याच देशात खासगी एफएमला आजही स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत. फार तर आकाशवाणीच्या ऐकवायच्या.