तुझं व्हर्जन कुठलं?

मे महिन्यात सांगलीत दुपारी मुलांना बाहेर सोडायची सोय नसते. मिरजेहून मामेभाऊ येतो, दप्तरातून लॅपटॉप निघतो, दोघं एकाच वायफायवर माइनक्राफ्ट उघडतात आणि पहिल्याच मिनिटाला अडतात. पडद्यावर इंग्रजीत ओळ येते, ‘आउटडेटेड क्लायंट’. मग ठरलेलं बोलणं सुरू होतं. “तुझं व्हर्जन कुठलं?” “लेटेस्ट.” “माझंपण लेटेस्टच आहे.” दोघंही खरंच बोलत असतात. एकाने गेम दिवाळीत टाकलेला असतो आणि त्या वेळी लेटेस्ट तोच होता.

कॉम्प्युटरचं ‘लेटेस्ट’ या शब्दाने भागत नाही, त्याला आकडा लागतो. एक माइनक्राफ्ट दुसऱ्याच्या जगात शिरू पाहतो तेव्हा सगळ्यात आधी एक छोटासा निरोप जातो आणि त्यात प्रोटोकॉल क्रमांक असतो. दोन मशिननी आपसात कुठली माहिती कुठल्या क्रमाने पाठवायची, याचा करार म्हणजे प्रोटोकॉल. माइनक्राफ्टच्या जावा एडिशनमध्ये १.१२.२ चा प्रोटोकॉल ३४०, १.१६.५ चा ७५४ आणि १.२०.१ चा ७६३. गंमत अशी की १.२० आणि १.२०.१ या दोन्हींचा क्रमांक ७६३ आहे, त्यामुळे नाव वेगळं असूनही ती एकमेकांशी जुळतात. पुढच्या १.२०.२ ला मात्र ७६४ मिळाला आणि तिथे दार बंद झालं. म्हणजे मुलं ज्याला व्हर्जन म्हणतात ते एक, आणि मशिन ज्याच्यावरून ‘ये’ किंवा ‘जा’ ठरवतं ते दुसरं.

दोन हजारनंतरच्या दशकात कॉलेजांच्या आसपासच्या सायबर कॅफेत काउंटर-स्ट्राइक १.६ खेळलेल्यांना हे वेगळं सांगायला नको. गेम सीडीवरून, नाहीतर एका मशिनवरून दुसऱ्या मशिनवर कॉपी होत पसरायचा. दोन ठिकाणच्या १.६ मध्ये दिसायला काडीचा फरक नसायचा. तीच बंदूक, तोच ‘डस्ट टू’ नकाशा. पण एकाचा प्रोटोकॉल ४७ आणि दुसऱ्याचा ४८ असला की सर्व्हर आत घेत नसे. टिल्डच्या बटणाने कन्सोल उघडून ‘व्हर्जन’ ही आज्ञा दिली की प्रोटोकॉलचा आकडा समोर यायचा. मोठ्या मुलांनी धाकट्यांना शिकवलेली ही बहुधा पहिली तांत्रिक तपासणी असेल, आणि ती अगदी योग्य होती.

आता खरा प्रश्न. थोडंफार इकडेतिकडे चालवून का घेत नाहीत? एका आकड्यावरून एवढी अडवणूक कशासाठी?

उत्तरासाठी ‘एज ऑफ एम्पायर्स २’ कडे पाहू. गेम १९९९ चा. आठ खेळाडू, शेकडो सैनिक, आणि इंटरनेट म्हणजे सेकंदाला २८.८ किलोबिट वाहून नेणारा मोडेम. एवढ्या सैनिकांपैकी प्रत्येकजण कुठे आहे, किती जखमी आहे हे दर क्षणी पाठवायचं म्हटलं तर ती लाइन पुरलीच नसती. एन्सेम्बल स्टुडिओजच्या प्रोग्रामरांनी वेगळी वाट धरली. पॉल बेटनर आणि मार्क टेरानो यांनी २००१ मध्ये ती सविस्तर लिहून ठेवली आहे. सैनिकांची स्थिती पाठवायचीच नाही. फक्त खेळाडूंचे हुकूम पाठवायचे, ‘हे दहा तिरंदाज त्या टेकडीकडे’ एवढंच. मग प्रत्येक मशिन आपापल्या जागी पूर्ण लढाई स्वतःच गणित करून चालवतं. आठ मशिनवर आठ लढाया चाललेल्या असतात आणि त्या हुबेहूब सारख्या असतात, असं गृहीत धरलेलं असतं.

१८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी जिथे मराठी नाटक उभं केलं, त्या सांगलीत हे नाटकाच्या भाषेत सांगितलेलं लवकर पटेल. एकच नाटक भावे नाट्यमंदिरात आणि मिरजेच्या नाट्यगृहात एकाच वेळी चालू आहे. दोन्हीकडे तीच संहिता. फोनवरून फक्त खुणा जातात, ‘दुसरा प्रवेश सुरू’, ‘दिवाणजी डावीकडून आत’. संवाद कुणी पाठवत नाही, कारण ते दोन्हीकडे पाठ आहेत. संहिता अक्षरशः सारखी असेल तोवर दोन्ही प्रयोग बरोबरीने चालतात. मिरजेच्या प्रतीत एकच वाक्य बदललेलं असेल तर तिथला नट वेगळं उत्तर देईल, पुढचा वेगळ्या ठिकाणी उभा राहील, आणि तिसऱ्या अंकापर्यंत सांगलीत ज्याचं लग्न लागतंय तो मिरजेत घर सोडून गेलेला असेल. खुणा मात्र दोन्हीकडे त्याच येत राहतील.

बेटनर आणि टेरानो यांनी असाच प्रसंग सांगितला आहे. नकाशा तयार होताना एका मशिनवर एखादं हरीण किंचित वेगळ्या दिशेला तोंड करून उभं राहतं. ते चरायला थोडं वेगळ्या वाटेने जातं. काही मिनिटांनी शिकारीला गेलेल्या गावकऱ्याचा भाला चुकतो आणि तो मांस न घेता परततो. इथून पुढे एका मशिनवर अन्नाचा साठा वेगळा, सैन्य वेगळं, सगळंच वेगळं. खेळाडूला दिसतं ते ‘आउट ऑफ सिंक’. मूळ कारण मात्र पार मागे, हरणाच्या मानेत. गेमच्या दोन व्हर्जनमध्ये घोड्याचा वेग एका शतांशाने बदललेला असला तरी हेच घडणार. म्हणून खेळ सुरू व्हायच्या आधीच आकडे पडताळून पाहतात आणि जुळले नाहीत तर सरळ नाही म्हणतात. मला ही अडवणूक रास्त वाटते, कारण चुकीच्या जोडीला आत घेतलं तर तासाभराचा डाव वाया जातो.

१९९३ च्या ‘डूम’मध्ये हीच कल्पना आणखी आटोपशीर स्वरूपात सापडते. डूमच्या खेळाचं रेकॉर्डिंग म्हणजे व्हिडिओ नसतो. सेकंदाला ३५ वेळा, खेळाडूने कुठली बटणं दाबली होती एवढीच नोंद फाइलमध्ये असते आणि पाहताना गेम ती बटणं पुन्हा दाबून सगळा खेळ नव्याने उभा करतो. व्हर्जन दुसरं असेल तर त्याच बटणांनी गडी भिंतीवर आपटत राहील. त्यावर इलाज म्हणून फाइलचा पहिलाच बाइट व्हर्जनसाठी राखलेला आहे. १.९ साठी तिथे १०९ हा आकडा असतो.

आकडा कसा वाचायचा, हेही पाहू. व्हर्जनमधलं टिंब दशांशचिन्ह नसतं. शाळेच्या गणिताने १.१० म्हणजे १.१ आणि ते १.९ पेक्षा लहान. माइनक्राफ्टमध्ये १.९ फेब्रुवारी २०१६ ला आलं आणि १.१० त्याच वर्षी जूनमध्ये. टिंबाच्या दोन्ही बाजूंचे आकडे स्वतंत्र वाचायचे, नऊनंतर दहा. सॉफ्टवेअरच्या जगात टॉम प्रेस्टन-वर्नर यांनी मांडलेला एक संकेत बराच रूढ आहे. पहिला आकडा वाढला तर जुन्याशी न जुळणारा मोठा बदल, दुसरा वाढला तर जुन्याला धक्का न लावता नवीन भर, तिसरा वाढला तर नुसती दुरुस्ती. गेम बनवणारे मात्र हा संकेत पाळतातच असं नाही. माइनक्राफ्टच्या १.१६.१ मध्ये पिग्लिन या डुकरासारख्या प्राण्याला सोनं दिलं आणि बदल्यात एंडर पर्ल, म्हणजे गेम संपवायला लागणारे मणी, मिळाले तर ते एका वेळी ४ ते ८ मिळायचे. १.१६.२ पासून २ ते ४ झाले आणि ते मिळण्याची शक्यताही निम्म्याहून खाली आली. शेवटचा आकडा फक्त एकाने वाढला, पण कमीत कमी वेळात गेम संपवण्याची शर्यत खेळणाऱ्यांसाठी जगच बदललं. त्यातले कित्येकजण त्यामुळे १.१६.१ ला धरून राहिले.

मग आपल्या मशिनवर नेमकं काय आहे ते कुठे बघायचं? सगळ्यात आधी गेमच्या पहिल्या पडद्याचे कोपरे. माइनक्राफ्टमध्ये खाली डाव्या हाताला बारीक अक्षरात आकडा असतो आणि खेळताना एफ-३ दाबलं की वर डावीकडे. प्रत्येक गेमने पहिल्या पडद्यावर व्हर्जन छापलंच पाहिजे असं माझं ठाम मत आहे. छापायला जागा कितीशी लागते? पण अनेकजण ते सेटिंग्जच्या तळाशी, नाहीतर श्रेयनामावलीत लपवतात.

तिथे सापडलं नाही की बहुतेकजण विंडोजमध्ये गेमच्या ईएक्सई फाइलवर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ आणि त्यात ‘डिटेल्स’ उघडतात. तिथे ‘फाइल व्हर्जन’ समोर टिंबांनी जोडलेले चार आकडे दिसतात. प्रत्येक आकड्याला सोळा बिट जागा दिलेली असते, त्यामुळे तो ० ते ६५,५३५ याच्या पलीकडे जाऊ शकत नाही. हे आकडे गेम तयार करणाऱ्याने फाइलच्या पोटात लिहून ठेवलेले असतात. विंडोज ते जसेच्या तसे दाखवतं, खरेखोटे तपासत नाही. आणि इथे एक मोठी फसगत होते. युनिटी हे इंजिन, म्हणजे गेम बनवण्याचं तयार सॉफ्टवेअर, वापरून बनवलेल्या गेमची ईएक्सई उघडून बघा. तिथे २०१९.४ किंवा २०२१.३ असं काहीतरी दिसेल. तो आकडा इंजिनाचा असतो, गेमचा त्याच्याशी संबंध नाही. अनरियल इंजिनच्या गेममध्येही पुष्कळदा ४.२७ सारखा इंजिनाचाच आकडा हाती लागतो. दोन भावांच्या लॅपटॉपवर हा आकडा तंतोतंत सारखा असेल आणि गेम मात्र सहा महिन्यांच्या अंतराचे असतील, असं सहज होऊ शकतं.

फाइलच्या तारखेवरही भिस्त ठेवू नये. पेनड्राइव्हवरून कॉपी केली की विंडोजमध्ये ‘क्रिएटेड’ला आजची तारीख येते आणि ‘मॉडिफाइड’ जुनीच राहते. ‘इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स’च्या यादीतला आकडाही इन्स्टॉल करताना लिहिलेला असतो; नंतर टाकलेल्या पॅचने, म्हणजे दुरुस्तीच्या फाइलने, तो बदलला असेलच असं नाही.

स्टीम या ऑनलाइन गेम-दुकानातून घेतलेल्या गेमचं काम त्या मानाने सोपं. गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘अपडेट्स’ या भागात बिल्ड आयडी असतो. बिल्ड म्हणजे गेमची तयार झालेली एक प्रत. गेम बनवणाऱ्याने नवा बिल्ड चढवला की त्याला नवा क्रमांक मिळतो, मग तो त्याला १.४ म्हणो की आणखी काही. स्टीमअ‍ॅप्सच्या फोल्डरमध्ये प्रत्येक गेमची एक छोटी एसीएफ फाइल असते. ती नोटपॅडमध्ये उघडली तरी ‘बिल्डआयडी’ची ओळ वाचता येते. फोनवर बीजीएमआयसारखा गेम असेल तर अँड्रॉइडच्या अ‍ॅप माहितीत तळाशी व्हर्जन मिळतं. तेही माणसांसाठी लिहिलेलं नाव असतं. आत आणखी एक साधा पूर्णांक असतो आणि नवं कुठलं, जुनं कुठलं हे फोन त्याच्यावरूनच ठरवतो.

आकड्यांवरचा विश्वासच उडाला असेल तर शेवटचा उपाय हॅशचा, म्हणजे फाइलच्या बोटांच्या ठशाचा, आणि मला तो सगळ्यात आवडतो. विंडोजच्या पॉवरशेलमध्ये ‘गेट-फाइलहॅश’ ही आज्ञा इंग्रजीत लिहून पुढे ईएक्सईचा पत्ता द्यायचा. क्षणभरात आकडे आणि अक्षरं मिळून ६४ चिन्हांची एक ओळ येते. ती काढण्याच्या गणिताचं नाव एसएचए-२५६. फाइलमधला प्रत्येक बिट या गणितातून गेलेला असतो. फाइल पाच जीबीची असो की पाच केबीची, ओळ ६४ चिन्हांचीच. शेकडो कोटी बिटांपैकी एक जरी उलटा केला तरी उत्तरातले साधारण निम्मे बिट बदलतात आणि ओळ ओळखू येत नाही. त्यामुळे दोन लॅपटॉपवरच्या ओळी जुळल्या तर त्या दोन फाइली एकच आहेत असं बिनदिक्कत म्हणता येतं. कंपनीने व्हर्जनचं नाव काय ठेवलं, तारीख काय पडली, याच्याशी काही देणंघेणं उरत नाही. फक्त हॅश ज्या फाइलची काढली तिच्यापुरतंच बोलते. ईएक्सई तीच आणि नकाशांची फाइल जुनी, असंही असू शकतं.

मॉड, म्हणजे गेममध्ये बाहेरच्यांनी केलेले बदल, टाकणाऱ्यांना ही तपासणी करावीच लागते. ‘जीटीए सॅन अँड्रियास’ २००५ साली पीसीवर आला, तरी त्याचे कितीतरी मॉड आजही १.० हेच व्हर्जन मागतात. कारण मॉड गेमच्या मेमरीतल्या ठरावीक पत्त्यावर जाऊन तिथली किंमत बदलतो. गेम पुन्हा कंपाइल झाला, म्हणजे लिहिलेल्या प्रोग्रामची ईएक्सई नव्याने तयार झाली, की पत्ते सरकतात. १.० मध्ये ज्या जागी एखादी महत्त्वाची किंमत होती, तिथे पुढच्या व्हर्जनमध्ये भलतंच काही असतं, आणि गेम बंद पडतो. मॉडमध्ये दोष नसतो, पत्ता चुकलेला असतो.

जपून ठेवलेल्या खेळाचंही तसंच. माइनक्राफ्टच्या प्रत्येक जगाच्या फोल्डरमध्ये ‘लेव्हल’ नावाची फाइल असते आणि तिच्यात ‘डेटाव्हर्जन’ हा आकडा असतो. १.१२.२ साठी १३४३, १.१६.५ साठी २५८६, १.२०.१ साठी ३४६५. जुनं जग नव्या व्हर्जनमध्ये उघडलं की गेम त्याची माहिती नव्या पद्धतीत बदलून घेतो आणि हा आकडा वाढतो. उलट फिरायला वाट नसते. नवं झालेलं जग जुन्या गेममध्ये उघडलं तर ओळखू न आलेले ठोकळे गळून पडतात. माइनक्राफ्टच्या लाँचरमधून जुनं व्हर्जन वेगळं टाकून घेता येतं, त्यामुळे दोन मशिनचे आकडे जुळवायचे असतील तर नवं असलेल्याने खाली येणं पुष्कळदा सोयीचं. फक्त त्याआधी ‘सेव्ह्ज’मधला जगाचा फोल्डर दुसरीकडे कॉपी करून ठेवायचा, आणि फोल्डरच्या नावातच व्हर्जन लिहायचं.