परिवहन प्राधिकरणाचा विलंब आणि न्यायालयीन दाद : पार्श्वभूमी

परिवहन प्राधिकरणाने परवाना नाकारला तर त्याविरुद्ध कोठे दाद मागायची, हे कायद्यात स्पष्ट आहे. अर्ज नुसताच पडून राहिला तर मात्र अपील करायला हातात आदेशच नसतो. कर्ज काढून बस घेतलेल्या मालकाचे हप्ते सुरू झालेले असतात आणि गाडी दारात उभी असते, त्यामुळे नकारापेक्षा हे मौन त्याला अधिक महागात पडते.

1939 च्या मोटार वाहन कायद्यानुसार प्रवासी बसच्या परवान्याचा अर्ज आधी प्रसिद्ध होई, त्यावर मार्गावरील जुन्या परवानाधारकांच्या हरकती येत, सुनावणी होई आणि मगच निर्णय लागे. विलंब या कार्यपद्धतीतच मुरलेला होता. त्या काळी कर्तव्य बजावण्यास भाग पाडणारा आदेश 1877 च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 45 खाली मिळे, पण तो मुंबईसारख्या इलाखा शहरांच्या हद्दीपुरताच. मुफसल भागातील, म्हणजे या शहरांबाहेरील, अर्जदाराला ती वाट बंद होती.

ती उघडली राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 ने. 1950 पासून प्रत्येक उच्च न्यायालयाला असा आदेश, म्हणजे परमादेश, काढता येऊ लागला. अशा याचिकेत न्यायालय सहसा स्वतः परवाना देत नाही. अर्जावर गुणवत्तेनुसार अमुक आठवड्यांत निर्णय घ्या, एवढेच प्राधिकरणाला बजावते. म्हणूनच अर्जाची शिक्का मारलेली पोच आणि नंतरच्या स्मरणपत्रांच्या प्रती हा याचिकेचा खरा कणा असतो.

1 जुलै 1989 रोजी अमलात आलेल्या 1988 च्या मोटार वाहन कायद्याने परवान्यांचे धोरण सैल केले. कलम 80 नुसार अर्ज केव्हाही करता येतो आणि तो सामान्यतः नाकारायचा नसतो. मिथिलेश गर्ग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1991 मध्ये हे उदार धोरण उचलून धरले. तरीही अर्ज किती दिवसांत निकाली काढायचा, हे त्या कलमात नाही, आणि ही उणीव गंभीर आहे. कारण त्याच कायद्यात, वाहन परराज्यात नेण्यासाठीच्या ना हरकत प्रमाणपत्राबाबत, तीस दिवसांत नकार कळवला नाही तर प्रमाणपत्र दिले असेच मानण्याची तरतूद कलम 48 मध्ये आहे. नूतनीकरणाचा अर्ज प्रलंबित असताना तात्पुरता परवाना देण्याची सोय कलम 87 मध्ये आहे. नव्या अर्जदाराला तिचा उपयोग नाही.

महाराष्ट्रात 2005 च्या बदल्या व विलंब प्रतिबंधक कायद्याने, काही अपवाद वगळता, कोणतीही फाइल एका कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांहून अधिक ठेवण्यास मनाई केली. 2015 च्या लोकसेवा हक्क कायद्याने अधिसूचित सेवांसाठी मुदत, दोन अपिले, त्यानंतर आयोग आणि कसूरदार अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड अशी साखळी उभी केली. सेवा अधिसूचित नसेल तर अनुच्छेद 226 खालील याचिकाच उरते. न्यायालयाने दिलेली मुदत जाणूनबुजून मोडल्यास 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याखाली अर्ज करता येतो, आणि मुदतीत नकार आला तर मोटार वाहन कायद्याच्या कलम 89 खालील अपिलासाठी लागणारा आदेश तेव्हा कुठे अर्जदाराच्या हाती पडतो.