पिकासा बंद झालं, इन्स्टॉलरचा शोध सुरू झाला

दर्यापूर, आर्णी, वडसा अशा तालुक्याच्या गावांतल्या फोटो स्टुडिओत एखादं तरी जुनं मशीन असतं. विंडोज ७ चं, क्वचित एक्सपीचं. त्यावर लगनाचे, साक्षगंधाचे वर्षानुवर्षांचे फोटो आणि ते लावून ठेवणारं पिकासा हे सॉफ्टवेअर. मशीनला फॉरमॅट मारला की प्रश्न येतो: पिकासा बसवायची फाइल, म्हणजे इन्स्टॉलर, आता आणायची कुठून?

हे सॉफ्टवेअर २००२ मध्ये लाइफस्केप नावाच्या अमेरिकी कंपनीने काढलं. जुलै २००४ मध्ये गूगलने ती कंपनी घेतली आणि पिकासा फुकट केलं. आपल्याकडे तेव्हा भारनियमनाचे दिवस. डाउनलोड अर्ध्यावर आलं की लाइट जायची, मग पुन्हा पहिल्यापासून. त्यामुळे कुणीतरी नागपुरात बर्डीवरून (सीताबर्डीच्या बाजारातून) सीडी आणायचा आणि तीच गावभर फिरायची. पुढे पेनड्राइव्ह आले, पण सवय तीच राहिली. फाइल कुठून आली हे विचारायची पद्धत आपल्याकडे कधी पडलीच नाही, आणि माझ्या मते आजच्या अडचणीचं मूळ तिथेच आहे.

लोकांना पिकासा सोडवत नाही, त्यालाही कारण आहे. ते मूळ फोटोला हात लावत नाही. उजेड वाढवला, कडा कापल्या की तो बदल त्याच फोल्डरमधल्या 'पिकासा डॉट आयएनआय' या लपलेल्या फाइलमध्ये लिहून ठेवतं. सेव्ह केलं तरी मूळ प्रत वेगळ्या लपलेल्या फोल्डरमध्ये जपतं. म्हणून नुसते निवडक फोटो दुसऱ्या मशीनवर नेले, तर सेव्ह न केलेली मेहनत मागेच राहते. २००९ पासून चेहरे ओळखायची सोयही आली. नवरीकडच्या मावशीचे सगळे फोटो एका जागी मिळणं ही स्टुडिओवाल्यासाठी लहान गोष्ट नव्हती.

१२ फेब्रुवारी २०१६ ला गूगलने पिकासा बंद करत असल्याचं जाहीर केलं आणि १५ मार्चपासून संगणकावरच्या पिकासाची देखभाल थांबवली. बसवलेलं चालत राहिलं, पण नवं मिळायची अधिकृत वाट गेली. ती जागा डाउनलोडच्या भलत्याच साइटींनी घेतली. हिरवं मोठं बटण दाबलं की पिकासासोबत टूलबार, जाहिराती आणि आणखी काय काय. 'क्रॅक' (कुलूप तोडणारी फाइल) देणारी किंवा 'की' (किल्लीचा आकडा) मागणारी साइट तर सरळ बंद करावी. जे फुकटच होतं त्याला कसली आली किल्ली?

शेवटची आवृत्ती ३.९. गूगलच्या मूळ पत्त्यावरची साठवलेली प्रत इंटरनेट आर्काइव्हच्या वेबॅक मशीन या जुनी वेबपानं जपणाऱ्या साइटवर शोधावी. मिळालेली फाइल चालवायच्या आधी तिच्यावर राइट क्लिक, मग प्रॉपर्टीज, मग 'डिजिटल सिग्नेचर्स' हा टॅब. तिथे गूगलचं नाव हवं, आणि डिटेल्समध्ये सही ठीक असल्याचं दिसायला हवं. तो टॅबच नसेल तर फाइल फेकून द्यावी. बर्डीची जुनी सीडी घरात असेल तर तीही चालेल, पण हीच तपासणी करून.

एक्सपीला सुरक्षेचे अपडेट ८ एप्रिल २०१४ ला थांबले, विंडोज ७ ला १४ जानेवारी २०२० ला. म्हणून फाइल दुसऱ्या, नव्या मशीनवर उतरवून, तपासून पेनड्राइव्हने न्यावी आणि जुन्या मशीनची नेटची वायर काढूनच ठेवावी. पिकासाच्या वेब अल्बमची, म्हणजे फोटो नेटवर ठेवायची सेवा गेलेलीच आहे, तेव्हा फोटो लावायला नेट लागत नाही.