रेकॉर्ड झाकलेलं वेगळं, रेकॉर्ड नष्ट झालेलं वेगळं

पोराला अठरा पूर्ण झाली की लहानपणीची केस आपोआप पुसली जाते असं बरेच पालक धरून चालतात, पण वाढदिवसाने काहीच पुसलं जात नाही. 2015 च्या बाल न्याय कायद्यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत, नोंद झाकून ठेवणं आणि नोंद नष्ट करणं, आणि आपण दोन्हीला सरसकट "रेकॉर्ड क्लिअर झालं" म्हणतो.

समजा पोरगा सोळाचा असताना मारामारीत सापडला, बाल न्याय मंडळाने दोषी धरलं पण समज देऊन घरी सोडलं, आणि आता एकोणिसाव्या वर्षी तो पोलीस भरतीची तयारी करतोय. त्याची फाईल अजून कपाटात असू शकते, कारण केंद्राच्या 2016 च्या नमुना नियमांत अपिलाची मुदत संपेपर्यंत किंवा सात वर्षं, असं म्हटलंय, त्यापुढे मात्र ठेवायची नाही. म्हणजे तेवीसपर्यंत कागद राहू शकतात. पण कागद असले म्हणून ते कुणालाही दाखवायचे नसतात, तिथे कलम 74 आहे, निकाली निघालेल्या केसची माहिती पोलिसांनी चारित्र्य प्रमाणपत्रासाठीसुद्धा द्यायची नाही. हे झालं झाकणं, आणि त्यासाठी सात वर्षं थांबावं लागत नाही.

नष्ट करणं कलम 24 मध्ये येतं. तसा आदेश मंडळाने पोलिसांना द्यायचा असतो. याच कलमात अजून एक गोष्ट आहे जी मला सगळ्यात मोलाची वाटते, दोषी ठरल्यामुळे मोठ्या माणसाला जी अपात्रता लागते ती या पोराला लागत नाही, मग कागद जाळलेले असोत की नसोत. एवढं एक वाक्य माहीत नसल्यामुळे पोरं फॉर्मच भरत नाहीत हो!

अपवाद आहे आणि तो लपवून चालणार नाही. सोळा ते अठरा वयात, किमान सात वर्षं शिक्षेचा म्हणजे निर्घृण गुन्हा, आणि मंडळाने नाही तर बाल न्यायालयाने (हे मंडळाहून वेगळं कोर्ट) प्रौढ म्हणून खटला चालवून दोषी धरलं, तर ना नोंद नष्ट होते ना अपात्रता जाते.

म्हणून निकालाची कॉपी घ्याल तेव्हा घाईत घडी घालून खिशात टाकू नका, त्यात नोंद नष्ट करण्याचा आदेश लिहिलाय का ते बघा, नसेल तर वकिलाला घेऊन मंडळाकडे लेखी अर्ज द्या आणि त्याची पोच सांभाळून ठेवा.