चार्ल्स पर्किन्स आणि तलावाच्या फाटकावरचा शब्द

ऑस्ट्रेलियातले ॲबोरिजिनल (तिथल्या मूळ रहिवाशांपैकी) नेते चार्ल्स पर्किन्स म्हटलं की भेदभावाविरुद्ध विद्यार्थ्यांनी काढलेली 1965 ची बसयात्रा आठवते. ती बस मोरी नावाच्या गावातल्या पोहण्याच्या ज्या तलावापाशी अडली, तिथला नियम मात्र फारसा कुणी वाचत नाही.

न्यू साउथ वेल्समधल्या या गावाच्या नगरपालिकेने 1955 मध्ये ठराव केला. पूर्ण ॲबोरिजिनल, 'अर्धरक्त' (मिश्र वंशाच्यांसाठी तेव्हाची सरकारी भाषा) आणि 'दिसण्यावरून' तसल्या रक्ताचा अंश वाटेल असा कुणीही पोहण्याच्या तलावावर किंवा सभागृहात येता कामा नये. खरी मेख त्या 'दिसण्यावरून'मध्ये आहे. कागद नको, चौकशी नको. फाटकावरच्या माणसाने तोंड बघायचं आणि ठरवायचं. त्यातही गंमत अशी की शाळेच्या वेळेत हीच मुलं वर्गाबरोबर त्याच पाण्यात उतरायची. शाळा सुटली की बाहेर.

पर्किन्सना हे मोजमाप जन्मापासून ठाऊक होतं. 1936 मध्ये ॲलिस स्प्रिंग्जच्या जुन्या तारघरात ते जन्मले, आणि तिथे सरकारने 'अर्धरक्त' मुलांनाच ठेवलं होतं. पुढे ॲडलेडचं वसतिगृह, फिटर-टर्नरची उमेदवारी, फुटबॉलसाठी इंग्लंड. परतल्यावर सिडनीत ग्रीक मंडळींच्या क्लबकडून खेळता खेळता विद्यापीठ गाठलं.

फेब्रुवारी 1965 मध्ये पर्किन्ससह सुमारे तीस विद्यार्थी बसने निघाले. वाटेतल्या वॉलगेट गावात माजी सैनिकांच्या क्लबसमोर निदर्शनं झाली; ॲबोरिजिनल जवान युद्ध लढून आले तरी क्लबात त्यांना जागा नव्हती. गाव सोडताना रात्री एका ट्रकने बसला रस्त्याबाहेर ढकललं. मोरीत पर्किन्स ॲबोरिजिनल मुलांना घेऊन फाटकाशी उभे राहिले. अंडी आली, टोमॅटो आले, शेकडोंचा जमाव आला. शेवटी ठराव रद्द करण्याचा प्रस्ताव आणायला नगराध्यक्ष तयार झाले.

बसयात्रेनंतर दोन वर्षांनी झालेल्या 1967 च्या सार्वमताने ॲबोरिजिनल लोकांना मताधिकार मिळाला, असं आजही बिनदिक्कत छापलं जातं. तो केंद्रीय निवडणुकांपुरता 1962 मध्येच मिळाला होता. 90 टक्क्यांहून जास्त लोकांनी 'हो' म्हटलं ते दोन गोष्टींना: त्यांच्यासाठी कायदे करण्याचा केंद्राचा अधिकार, आणि लोकसंख्येच्या हिशेबातून त्यांना वगळणारं कलम काढणं.

1984 मध्ये पर्किन्स ॲबोरिजिनल कारभार खात्याचे सचिव झाले. केंद्रीय खात्याच्या प्रमुखपदी ॲबोरिजिनल माणूस बसण्याची ती पहिलीच वेळ. मंत्र्यांवर जाहीर टीका करायची सवय त्यांनी तिथेही सोडली नाही, आणि 1988 मध्ये आरोपांच्या धुरळ्यात खुर्ची गेली. 2000 मध्ये त्यांचं निधन झालं, तेव्हा अंत्यसंस्कार शासकीय इतमामात झाले.