माहीमचं गोड पाणी

१८ ऑगस्ट २००६, शुक्रवार. माहीमला समुद्राचं पाणी गोड झाल्याची बातमी पसरली आणि माणसं बाटल्या घेऊन किनाऱ्यावर धावली. मिठी नदी उपनगरांचं सांडपाणी जिथे आणून सोडते, त्या खाडीलगतचं पाणी लोक ओंजळीने प्यायले. माहीमच्या दर्ग्यातल्या मखदूम शाहबाबांची कृपा, असं अनेकांचं म्हणणं. पाणी दूषित आहे, पिऊ नका, असं सरकारी यंत्रणा सांगत राहिल्या. माझी आत्या स्वतः प्यायली, वर नातीलाही दोन घोट पाजले.

आत्या अडाणी नाही. बँकेत कॅशियर होती. पण 'ते गटाराचं पाणी होतं' म्हटलं की अजून चिडते. चिडेलच. ते मान्य केलं, तर नातीला काय पाजलं हेही मान्य करावं लागतं. लिऑन फेस्टिंजर या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९५७ साली मांडलेला कॉग्निटिव्ह डिसोनन्स, म्हणजे मनातल्या दोन न जुळणाऱ्या गोष्टींनी होणारी अस्वस्थता, तो हाच. पाजलेलं पाणी परत घेता येत नाही, पुरावा मात्र उडवून लावता येतो.

मला त्याहून मोलाचा वाटतो तो हॉलिन जॉन्सन आणि कॉलीन सायफर्ट यांचा १९९४ सालचा प्रयोग. गोदामाला लागलेल्या आगीची हकीकत लोकांना तुकड्यातुकड्यांनी वाचायला दिली. आधी कळतं, की एका कपाटात रंगाचे डबे आणि गॅसचे सिलिंडर होते. पुढे खुलासा येतो: कपाट रिकामं होतं. खुलासा लोकांच्या लक्षातही राहिला. तरी 'एवढा धूर कशाने?' विचारल्यावर उत्तर यायचं, रंगामुळे! ज्यांना जाळपोळीचा पुरावा सापडल्याचंही सांगितलं, त्यांच्या उत्तरांत मात्र रंगाचे उल्लेख बरेच कमी झाले. नुसतं 'खोटं आहे' म्हटलं की गोष्टीला भोक पडतं, आणि भोक पडलेल्या गोष्टीपेक्षा माणसाला चुकीची पण अखंड गोष्ट बरी वाटते.

आम्हीही आत्याला इतकी वर्षं 'पिऊ नका'च ऐकवत होतो. पाणी गोड का लागलं, हे कुणी सांगितलंच नव्हतं. गेल्या गणपतीत मी ग्लासात मिठाचं पाणी घेतलं, त्यावर चमच्याच्या पाठीवरून लाल रंग घातलेलं साधं पाणी हळूहळू सोडलं. ते वरच तरंगत राहिलं. समुद्राचं पाणी लिटरमागे साधारण २५ ग्रॅमने जड असतं. भर पावसाळ्यात आलेलं गोडं पाणी त्यावर असंच थर धरू शकतं.

आत्याने काही न बोलता चमचा घेतला आणि ग्लास ढवळला. सगळं गुलाबी झालं.

"म्हणून दुसऱ्या दिवशी परत खारट झालं होय रे?"